दोघींचा तंबू

उज्जू, सूड घेतला. आधी तेच सांगून टाकते, कारण मी काही सांगायला लागले की तू हात हलवून म्हणायचीस, "नंदे, मुद्द्यावर ये." तर मुद्दा हा. तुझ्या नवऱ्याची मी व्यवस्थित वाट लावली, तीही त्याला एकदाही नाही न म्हणता. आता सविस्तर ऐक. तुला वेळच वेळ आहे आणि मला सांगायला दुसरं कोणी नाही. समोरचं तुझं दार हल्ली बंदच असतं.

तुझ्या शोकसभेला सोसायटीच्या हॉलमध्ये माणसं मावली नाहीत. भाषणं ऐकून मला वाटलं, आपण चुकून दुसऱ्याच बाईच्या शोकसभेला येऊन बसलो. शांत म्हणे, सोशिक म्हणे, कधी आवाज चढवला नाही म्हणे. सेक्रेटरींना तू गच्चीवर काय काय ऐकवलं होतंस ते त्यांनाच आठवत नसावं, कारण पहिलं भाषण त्यांचंच होतं. मग सुरेशभाऊजी उठले. डोळे पुसले. खरोखर आले होते डोळ्यांत पाणी, ते मी नाकारत नाही. म्हणाले, "उज्ज्वलाची एक इच्छा राहून गेली. तलावाकाठी, जंगलात तंबू ठोकून राहायचं. जानेवारीत तिच्या वाढदिवसाला आम्ही मित्रमंडळी भंडारदऱ्याला जाऊन ती पूर्ण करणार." शोकसभेत टाळ्या वाजवत नाहीत, पण वाजायच्या बेतात होत्या. मी मागच्या रांगेत प्लास्टिकच्या खुर्चीच्या हातात नखं रोवून बसले होते. राहून गेली म्हणे. जसं येताना दूध आणायचं राहून जातं, तशी.

त्याने तुला कधी नाही म्हटलं नाही, हीच तर त्याची खुबी. "जा ना, मी कुठे अडवलंय? फक्त आईच्या गोळ्यांचं कोण बघणार, तेवढं सांग." पुढच्या हिवाळ्यात, "जा की. पण लेकाचं दहावीचं वर्ष आहे, बघ बाई तूच." तू माझ्याकडे यायचीस, ओट्याला टेकून उभी राहायचीस आणि म्हणायचीस, "पुढच्या वर्षी नक्की." मग दुसऱ्या दिवशी आपण दोघी बाहेर पडायचो आणि हुकलेल्या सहलीच्या बदल्यात एखादी वस्तू घेऊन यायचो. एकदा डोक्याला लावायची बॅटरी. एकदा ते निळे टिनचे मग. एकदा मुठीत मावणारी गॅसची शेगडी. जितक्या वेळा गेलो नाही, तितकं सामान वाढत गेलं. तुझ्या बाथरूमवरचा माळा भरला आणि आपण होतो तिथेच, मुलुंडला.

तंबू घेतला तो दिवस मी रोज आठवते. घाटकोपरचं ते दुकान, खाली शाळेच्या बॅगा आणि वर पोटमाळ्यावर ट्रेकिंगचं सामान. वाकून जिना चढलो तर तो दुकानदार चष्मा कपाळावर लावून बसलेला. त्याला वाटलं, मुलांसाठी घ्यायला आलोत. एक गोल पिशवी टेबलावर ठेवून म्हणाला, "हा बघा. दोघांचा आहे."

तू म्हणालीस, "दोघांचा नको. दोघींचा दाखवा."

"त्यात काय फरक, ताई?"

"दोघांतला एक घोरतो."

तो इतका हसला की कपाळावरचा चष्मा नाकावर आला. मग तू त्याची शाळाच घेतलीस. आतली जाळी वेगळी आणि वरचं कव्हर वेगळं, असाच तंबू हवा. पाण्याकाठी थंडीत श्वासाची वाफ कापडाला लागते आणि पहाटे आपल्याच अंगावर टपकते. ठेंगणा हवा, तलावावरचा वारा उंच तंबूला उचलतो. अंगाखाली हवेची गादी नको, फोमची मॅट हवी, कारण खालून येणारा गारवा हवेच्या गादीने अडत नाही आणि एक करवंदीचा काटा लागला की संपलं. स्लीपिंग बॅग मुंबईच्या थंडीवर घ्यायची नाही, तिथल्या थंडीवर घ्यायची. तू हे अशा थाटात बोलत होतीस की जणू कालच हिमालयातून उतरलीस. आणि आपण दोघी तोवर ठाण्याच्या तलावपाळीशिवाय दुसऱ्या तलावाकाठी बसलोही नव्हतो. दुकानदार मान डोलवत होता. मलाही तुझा एवढा अभिमान वाटला की मी मधे बोललेच नाही, जे तुला माहीत आहे, माझ्याकडून क्वचितच होतं.

बोलले ते रंगावरून. मला हिरवा हवा होता, झाडीत मिसळून जाणारा. तुला नारिंगी. तू म्हणालीस, "जंगलात हरवलो तर कुणाला तरी दिसायला नको का?" मी म्हणाले, "अगं, कुणाला दिसायचं नाही म्हणूनच तर जायचंय." दुकानातून निघालो, जेवलो, घरी आलो, तरी तू आपलं "दिसायला पाहिजे" आणि मी आपलं "दिसता कामा नये." घेतला नारिंगीच. पण मी काही मान्य केलं नव्हतं. हॉस्पिटलात सलाईन लावलेला हात हलवत तू मला म्हणालीस ना, "आता तरी कबूल कर, नारिंगीच बरा," तेव्हाही नाही केलं.

त्याच रविवारी तो आपण गच्चीवर लावून पाहिला. सेक्रेटरी धावत वर आले. "मॅडम, खुंटी ठोकायची नाही. वॉटरप्रूफिंग आत्ताच झालंय, खालच्याचं गळेल." तू त्यांना जे बोललीस ते इथे लिहीत नाही. शेवटी पाण्याने भरलेल्या बादल्या आणून तंबूचे कोपरे त्यांच्या कड्यांना बांधले. म्हणजे तंबूचं सगळं आपण शिकलो, खुंटी ठोकणं सोडून. आत आडव्या पडलो. तू दाराच्या बाजूला, मी आतल्या. दारातून नॅशनल पार्कचे डोंगर दिसत होते आणि त्यांच्या अलीकडे नव्या टॉवरच्या क्रेन. तू म्हणालीस, "इथेच राहू या गं. कोणाची भाजी टाकायला नको." थर्मासमधला चहा संपेपर्यंत राहिलो. मग तुला कुकर लावायचा होता.

आता त्या गोष्टीकडे येते. तुला आवडणार नाही, पण मी सांगणार.

मागच्या हिवाळ्यात तुझी केमो चालू होती. तू कूस बदलायलाही माझा हात धरायचीस. आणि तो बॅडमिंटनच्या मित्रांना घेऊन भंडारदऱ्याला गेला. माळ्यावरचं सगळं सामान काढलं. "पडूनच आहे ना ते, जरा हवा लागेल." तुला विचारलं नाही असंही नाही. विचारलं. "नेऊ ना?" तू काय म्हणणार होतीस? शनिवारभर तुझ्या फोनवर फोटो येत राहिले. तुझा नारिंगी तंबू, तुझी शेगडी, तुझे निळे मग, त्यात काय होतं ते सांगायला नको. तुझी बॅटरी डोक्याला उलटी लावून तो हसत होता. तू एका अंगावर पडून एकेक फोटो मोठा करून पाहिलास. मला वाटलं, आता फोन भिंतीवर फेकशील. मी तर वाटच बघत होते. रविवारी संध्याकाळी तो नाक लाल करून परत आला आणि म्हणाला, "काय जागा आहे! तू हवी होतीस."

तू एवढंच विचारलंस, "तंबू वाळवला का?"

"हो हो, वाळवतो."

आणि ओल्या गोळ्यासकट पिशवी माळ्यावर गेली. होळीनंतर तुला जरा बरं वाटलं तेव्हा तू मला ती काढायला लावलीस. पलंगावर उघडली तर खोलीभर वास. आतल्या कापडावर काळे ठिपके पडलेले. तू पलंगावरून उतरून जमिनीवर बसलीस. मग म्हणालीस, "सगळं सामानच घेऊन जा तुझ्याकडे. इथे नको." माझ्या बाथरूममध्ये आपण तो व्हिनेगर आणि लिंबाने धुतला, माझ्या बाल्कनीत पसरला, आणि कबुतरं हाकलत दिवसभर त्याच्याजवळ बसलो. वास गेला. डाग राहिले. तू त्यांच्यावरून बोट फिरवत होतीस तेव्हा मला कळलं की आपण जाणार नाही. तुला ते आधीच कळलं असणार.

आजार कुणाच्या हातात नसतो. त्यासाठी मी कुणाला शाप देत नाही. पण इतकी वर्षं तू ज्या तंबूची वाट बघितलीस त्यात तुझ्याआधी तो जाऊन झोपला, आणि निघताना ओला गुंडाळून आला. याची शिक्षा कुठल्याच कायद्यात नाही. म्हणून मलाच बघावं लागलं.

आणि तू? शेवटच्या आठवड्यात मला जवळ बसवून काय म्हणालीस? "नंदे, सुरेशला सांग, तंबूचं माझ्या मनात काही नाही. त्याला स्वतः सांगायला गेले की मला रडू येतं. तू सांग." मी हो म्हणाले. बाहेर आले तर तो पॅसेजमध्ये उभा. निरोप अगदी तोंडाशी होता. तो म्हणाला, "ताई, तुम्ही बसताय ना अजून? मग मी जरा जेवून येतो." मी म्हटलं, हो, या जेवून.

डिसेंबरमध्ये त्याने माझी बेल वाजवली. "ताई, ते तंबूबिंबू तुमच्याकडे आहे का हो?"

मी म्हणाले, "बुरशी लागली होती, सगळं टाकून दिलं." तंबू आणि बाकीचं सामान तेव्हा माझ्या पलंगाखाली होतं.

"अरेरे," तो म्हणाला, पण नवीन खरेदीच्या आनंदात त्याला फार दुःख करायला जमलं नाही. "मग तुम्हीच चला निवडायला. तुम्ही दोघी त्यातल्या एक्स्पर्ट. आपल्याला काय कळतंय त्यातलं."

उज्जू, शपथेवर सांगते, निघताना माझ्या मनात काही नव्हतं. तेच दुकान, तोच जिना. दुकानदाराने मला ओळखलं आणि विचारलं, "दुसऱ्या ताई नाही आल्या?" मी सांगितलं. तो खाली बसला, चष्मा काढून हातात धरला. तेवढ्यात सुरेशभाऊजी एका तंबूत शिरून आतून ओरडले, "हा बेस्ट आहे. यात उभं राहता येतं."

माझ्या कानात तू बोललीस. तंबूत उभं राहून काय करणार, आरती? मी तोंड उघडलं आणि म्हणाले, "हो भाऊजी. ऐसपैस आहे."

एकदा हो म्हटल्यावर सोपं गेलं.

"हे वरचं कव्हर कशाला? जानेवारीत पाऊस कुठे येतोय?"

"खरंच की."

"आणि या हवेच्या गाद्या घेऊ. फोमवर आपली कंबर धरते."

"धरतेच."

स्लीपिंग बॅगा त्याने सगळ्यात पातळ काढल्या. "मुलुंडला जानेवारीत पंखा लावून झोपतो आपण." दुकानदार म्हणाला, "साहेब, तिकडे पाण्यावर..." मी त्याच्याकडे पाहिलं. त्याला काय दिसलं कोण जाणे. तो चष्मा पुसायला लागला. मी म्हणाले, "बरोबर आहे भाऊजी. उगाच ओझं." खुंट्याही पातळ तारेच्या. हलक्या असतात ना.

शेगडी मात्र मी नीट निवडून दिली, आणि ती तंबूच्या आत पेटवायची नाही हे पुन्हा पुन्हा बजावलं. गावात खोल्या भाड्याने देणाऱ्याचा नंबरही त्याच्या फोनमध्ये घालायला लावला. मला तो गारठायला हवा होता, मरायला नको होता.

येताना तो म्हणाला, "ताई, तुम्ही होतात म्हणून पटापट झालं. उज्ज्वला असती तर दिवस गेला असता." इतका वेळ मला थोडंसं वाईट वाटत होतं. त्यानंतर अजिबात नाही.

जानेवारीत मी वेगळी गेले. त्यांचा तळ अगदी पाण्याला लागून, सपाट जागेवर. मी वर चढावावर गेले, करवंदीच्या जाळीमागे, जिथून रान सुरू होतं. आणि मग आयुष्यात पहिल्यांदा खुंटी ठोकली. मुरमाची जमीन, दगडाने ठोकत होते. पहिली वाकली. अडवायला सेक्रेटरी नव्हते, खालच्याचं गळणार नव्हतं, तरी माझे हात थांबत होते. तू असतीस तर तुला स्वतःला येत नसताना मला शिकवलं असतंस, आणि मी तुझ्यावर ओरडले असते. मी रडले आणि ठोकत राहिले. मग आत दोन्ही मॅट पसरल्या. दाराच्या बाजूला तुझी.

खाली दोन झाडांच्या मधे तुझा फ्लेक्स लावला होता. कुणाच्या तरी लग्नातला, पैठणीतला फोटो, वर 'स्वप्नपूर्ती शिबिर'. सगळ्यांच्या टी-शर्टवरही तूच. मी पाणी भरायला खाली गेले तेव्हा तो म्हणाला, "ताई, दोन शब्द बोला." मी म्हणाले, तिला भाषणं आवडत नसत. खरं म्हणजे तुला फक्त दुसऱ्यांची आवडत नसत.

ऊन उतरलं आणि वारा सुटला. तू म्हणाली होतीस तसाच, तलावावरून. उंच तंबू आधी फुगले, मग एक आडवा झाला. दुसऱ्याच्या खुंट्या निघाल्या आणि तो उड्या मारत थेट पाण्यात गेला, गाद्यांसकट. त्याच्यामागे तुझा फोटो पोटावर लावलेली माणसं धावत होती. मी तंबूच्या दारात बसून निळ्या मगातून चहा पीत होते. फार छान वाटलं. खोटं कशाला बोलू, तू गेल्यापासून इतकं छान वाटलं नव्हतं. फ्लेक्सचं एक टोक सुटलं आणि तुझा चेहरा फडफडायला लागला तेव्हा मात्र खाली गेले, तो सोडवला आणि घडी करून वर आणला.

अंधार पडायला लागला, गारठा वाढला. मंडळी जीपमध्ये भरून गावातल्या खोल्यांकडे गेली. सगळे एका खेपेत मावले नाहीत. तो मागे राहिला आणि नारिंगी रंग बघत बघत वर आला. कमरेपर्यंत भिजलेला.

"ताई, जीप परत येईपर्यंत जरा आत बसू का? वारा फार आहे. दोघांचा असेल ना हा?"

"दोघींचा," मी म्हणाले.

तो वाकला. त्याच्या बॅटरीचा उजेड आतल्या कापडावर पडला, काळ्या ठिपक्यांवर. मग तुझ्या मॅटवर, तुझ्या उघडून ठेवलेल्या स्लीपिंग बॅगवर. तो बघतच राहिला.

"हा उज्ज्वलाचा. तुम्ही टाकला म्हणालात."

"टाकला होतात तो तुम्ही, भाऊजी. माळ्यावर. मी काढला."

तो आत आला नाही. दात वाजत होते. टी-शर्टवरचा तुझा चेहरा ओला होऊन त्याच्या पोटाला चिकटला होता. अगदी हळू म्हणाला, "ती काही बोलली होती का? याच्याबद्दल?"

उज्जू, तुझा निरोप माझ्या जिभेवर होता. शब्दन् शब्द. त्या क्षणी दुसरी कुणीही असती तर तिने तो दिला असता.

"हो," मी म्हणाले. "विचारत होती, तंबू वाळवला का."

त्याने मान हलवली. खाली जीपचा हॉर्न वाजला. तो गेला, बॅटरी खाली धरून, स्वतःच्या पायांपुरता उजेड पाडत. मी चेन ओढून घेतली.

रात्री वरचं कव्हर दवाने भिजलं, पण आत एक थेंब आला नाही. तू निवडलेलं सगळं बरोबर होतं. सकाळी मी तंबू उन्हात पसरला, आधी एक बाजू, मग दुसरी, आणि पुरता कोरडा होईपर्यंत त्याच्याजवळ बसून राहिले. दुपार झाली. मगच घडी घातली.

रागावली असशील. रागाव. तू त्याला माफ केलंस, मी नाही केलं. आपलं एकमत कधी झालं होतं? निरोप माझ्याकडे आहे आणि माझ्याकडेच राहील. एक मात्र आहे. हिरवा घेतला असता तर त्याला मी दिसलेच नसते, तो वर आलाच नसता. तेव्हा रंगाचं तुझं बरोबर होतं, एवढं मान्य. बाकी काही मान्य नाही.